ओपल शेवटपर्यंत बघायची

ओपल अ‍ॅटकिन्सन वारली त्या सकाळी पोस्टाबाहेरच्या फळ्यावर तिचा कागद तसाच टाचलेला होता. चार दिवसांपूर्वीचा, तिच्या त्या काटेकोर अक्षरातला. डावीकडे एका व्हिडिओचं नाव लिहिलं होतं, ‘गुडघेदुखी सात दिवसांत गायब! डॉक्टरही चकित!’ आणि उजवीकडे, ‘एकोणीस मिनिटं पूर्ण बघितलं. चौदाव्या मिनिटाला हा माणूस स्वतःच जिना उतरताना कठड्याला धरतो. शेवटी तेलाची बाटली विकतो. घेऊ नका.’ खाली सही आणि वेळ.

गावात गुडघ्यांच्या नावाने रडणारा म्हातारा एकच, तो मी. आमची बोलचाल बंद होऊन तीन महिने झाले होते. तरी बाईने माझ्यापायी एकोणीस मिनिटं खर्ची घातली. आणि मी काय केलं? तो कागद वाचला, ‘हिला नसत्या उठाठेवी’ असं पुटपुटलो आणि घरी येऊन ते तेल मागवलं. बाटली अजून कपाटात आहे. झाकणसुद्धा उघडलेलं नाही.

मी एल्ड्रिज निकरसन. आमचं गाव नोव्हा स्कोशियाच्या पार दक्षिण टोकाला. धंदा शेवंडांचा, म्हणजे लॉबस्टरचा, दुसरं इथे काही पिकत नाही. माझी बोट सुटून सव्वीस वर्षं झाली. आता मी शेडमध्ये बसून दुसऱ्यांचे पिंजरे दुरुस्त करतो, त्यांचे बोये रंगवतो आणि सगळ्यांना नावं ठेवतो. ओपल रस्त्यापलीकडे राहायची. लग्न केलं नाही. का, हे विचारायची छाती गावात कुणाची नव्हती.

एकतीस वर्षं ती किनाऱ्यावरच्या रेडिओ केंद्रात होती. समुद्रातून बोटीची हाक आली की उत्तर द्यायचं आणि झालेला प्रत्येक शब्द वेळेसकट नोंदवहीत उतरवायचा, हे तिचं काम. तिथे तिने हाताखालच्या पोरींना असं काही धारेवर धरलंय म्हणता! एकीने लिहिलं होतं, ‘कप्तान घाबरलेला वाटला.’ ओपलने वही तिच्यापुढे आपटली. "वाटला? तुला वाटलं ते तुझ्या डायरीत लिही. इथे तो काय म्हणाला तेवढंच लिही. आणि तो बोलायचा थांबेपर्यंत पेन खाली ठेवू नकोस." पुढे ते केंद्र बंद झालं, दूरच्या शहरात बसून यंत्रांवर काम चालू लागलं, आणि ओपल भिंतीवरचं घड्याळ व कोऱ्या नोंदवह्यांचा गठ्ठा घेऊन घरी आली. त्या वह्यांचं काय करायचं हे तिला बरीच वर्षं सुचलं नाही.

सुचवलं ते मी. म्हणजे माझ्या मूर्खपणाने.

पाच वर्षांपूर्वी माझ्या फोनवर एक व्हिडिओ आला. ‘यंदा शेवंडांचा हंगाम रद्द! मच्छीमार उद्ध्वस्त!’ वर एका रडणाऱ्या माणसाचं चित्र आणि त्याच्याकडे रोखलेला लाल बाण. मी तो गावभर पाठवला. संध्याकाळपर्यंत अग्निशमनाच्या हॉलमध्ये उभं राहायला जागा नाही. शेजारच्या व्हर्नाच्या धाकट्या पोराने, ब्रेंटने, तर दोनशे पिंजरे विकायला काढले होते. आरडाओरडा अगदी टिपेला पोचला तेव्हा ओपल वही काखेत मारून आत आली.

"हा कुणी पूर्ण बघितलाय का?"

ती माझ्याकडे वळली.

"एल्ड्रिज, पाठवलास तू. तू तरी?"

"अगं, नावातच सगळं आहे की! बघायचं काय त्यात?"

"नाव सोनूबाई, हाती कथलाचा वाळा," ती म्हणाली. "बावीस मिनिटांचा आहे. अठराव्या मिनिटाला कळतं की ही गोष्ट दुसऱ्याच समुद्रातल्या खेकड्यांची आहे, तीही चार वर्षांपूर्वीची. आणि हा रडणारा मच्छीमार नाही. मी शोधून काढलं. हा एका स्वयंपाकाच्या व्हिडिओतला आचारी आहे. कांदा चिरतोय."

लोक असे हसले की छत खाली यायचं बाकी राहिलं. पुढचं वर्षभर मी धक्क्यावर दिसलो की कुणी ना कुणी डोळे पुसायचं. "एल्ड्रिज, कांदा महाग झाला का रे?" पण दुसऱ्या दिवशीपासून तिच्या दारात माणसं येऊ लागली. हे खरं का ओपल, ते खरं का. ती प्रत्येकाला एकच सांगायची, "पूर्ण बघितल्याशिवाय मी बोलत नाही." मग स्वयंपाकघरातल्या टेबलाशी टॅब उभा करून, शेजारी घड्याळ ठेवून, कोऱ्या नोंदवहीत मिनिट-सेकंदासकट लिहीत बसायची. डावीकडे नावात काय म्हटलंय, उजवीकडे आत काय आहे. त्याची एक प्रत व्हिडिओच्या खाली टाकायची आणि एक पोस्टाच्या फळ्यावर. मी समोर बसून तिचा चहा प्यायचो. डब्यातलं दूध घालूनही डांबरासारखा काळा चहा.

मलाही तिने शिकवायचा प्रयत्न केला. "नावात प्रश्नचिन्ह असलं की उत्तर ‘नाही’ समजायचं. ‘अखेर सापडलं’ म्हटलं की सापडलेलं नसतं. आणि चित्रात बाण ज्याच्यावर रोखलाय ते आत कध्धीच नसतं."

"मग एवढं ठाऊक असताना शेवटपर्यंत बघतेस कशाला? वेळ जात नाही म्हणून?"

"कारण एखाद्या वेळी असतं, एल्ड्रिज." ती हसली नव्हती. "आणि तेव्हा मी अर्ध्यावर उठलेली असेन तर?"

मग मागच्या डिसेंबरात कर्टिस गेला.

कर्टिस म्हणजे व्हर्नाचा थोरला. चौतीस वर्षांचा, दोन दारं पलीकडचा. आमच्यात बोटीला आईचं किंवा बायकोचं नाव देतात, तशी त्याची बोट ‘मिस व्हर्ना’. नोव्हेंबर संपता संपता आम्ही पिंजरे टाकतो, त्यानंतरचा दुसरा आठवडा. सकाळी गेला तो परत आला नाही. माशांचं एक खोकं आणि डाव्या हाताचा मोजा मिळाला, बस्स. कोस्ट गार्डने सहा दिवस समुद्र चाळला, मेंढ्यांचं बेट पालथं घातलं. तिथे मेंढ्या आणि दोन मोडक्या झोपड्या, दुसरं काही नाही. सातव्या दिवशी शोध थांबला.

इथे मला बोयांबद्दल सांगितलं पाहिजे, नाहीतर पुढचं कळायचं नाही. पाण्याखाली पिंजरा, वर दोराला बोया, आणि प्रत्येकाच्या बोयाचा रंग वेगळा. तो रंग म्हणजे माणसाचं नाव. बापाचा मुलाकडे जातो. दुसऱ्याचा रंग कुणी लावत नाही, शत्रूसुद्धा नाही. आमचा, म्हणजे माझा आणि माझा धाकटा भाऊ लेस्टरचा, नारिंगी होता, त्यावर दोन काळे पट्टे. सव्वीस वर्षांपूर्वी एका दुपारी लेस्टर एकटाच बाहेर गेला. मी तापाने फणफणलो होतो. आदल्या संध्याकाळी तशा अंगानेच मी बोटीला नवा पंप बसवला होता आणि येऊन पडलो होतो. तो परतला नाही. रेडिओवर तेव्हा ओपल होती. कामाची पाळी संपवून ती थेट माझ्याकडे आली, दारात उभी राहिली आणि म्हणाली, "एका लाटेत गेला, एल्ड्रिज. बोलायलाही वेळ मिळाला नाही."

त्या एका वाक्यावर मी जगलो, खरं सांगतो. निदान हाल झाले नाहीत, घाबरला नाही, एका लाटेत सुटला. पण बोटीवर पुन्हा पाय ठेवला नाही. बोये शेडच्या तुळईला टांगले ते टांगलेच.

कर्टिस एकोणीस वर्षांचा असताना शेडमध्ये आला. त्याचा बाप माशांचा ट्रक चालवायचा, त्यामुळे घरात रंग नव्हता. वर बघत म्हणाला, "काका, हे कुणाचे?"

"कुणाचे नाहीत आता. घेऊन जा. कोळिष्टकं लागलीत त्यांना."

त्या संध्याकाळी व्हर्ना काकवीच्या बिस्किटांचं ताट घेऊन आली आणि माझ्या ओट्यावर बसून रडली. त्यानंतर पंधरा वर्षं नारिंगी आणि दोन काळे पट्टे म्हटलं की कर्टिस. नव्या पोरांना तर हे रंग लेस्टरचे होते हे माहीतही नव्हतं.

तर कर्टिस गेला आणि कुणा एका चॅनेलला आमच्या दुःखाचा वास लागला. समुद्र कधी बघितला तरी असेल का त्या मेल्याने, देव जाणे. ‘मिस व्हर्नाचा थरारक शेवट कॅमेऱ्यात कैद!’ आत भलत्याच देशातली भलतीच बोट. ‘बेपत्ता कप्तान सापडला?’ आत कुठल्याशा बंदरात पेंगणारा म्हातारा. व्हर्नाला ते बघवायचं नाही. ती नुसतं नाव वाचायची, धावत ओपलकडे यायची आणि पाठ फिरवून खिडकीशी उभी राहायची. ओपल वही उघडायची. दर वेळी तेच.

"पूर्ण बघितलंस?"

"पूर्ण."

"काहीच नाही?"

"काहीच नाही, व्हर्ना."

असे अकरा झाले. प्रत्येक वेळी ती बाई थोडी आशा घेऊन यायची आणि तेवढीच हरवून जायची. ओट्यावरचा दिवा दिवसासुद्धा मालवायची नाही. चर्चबाहेरच्या दगडावर बुडालेल्यांची नावं कोरतात, तिथे कर्टिसचं नाव घालायचं म्हटलं की कानांवर हात ठेवायची. शेवटी फेब्रुवारीत ओपलनेच तिला कशीबशी राजी केलं. शनिवारी प्रार्थना, मग हॉलमध्ये चहा, आणि सोमवारी पाथरवट येणार.

त्याच आठवड्यात, प्रार्थनेआधीच्या सोमवारी दुपारी, बारावा व्हिडिओ आला.

मी ओपलच्या टेबलाशी होतो. व्हर्ना आत आली ती रडत नव्हती, हसत होती. ते बघून मला जास्त भीती वाटली. मागे ब्रेंट, गमबूट घातलेला. "आता बोल!" व्हर्ना म्हणाली आणि टॅब पुढे ठेवला. ‘मिस व्हर्नाच्या कप्तानाचा रेडिओ संदेश मिळाला! बेटावर जिवंत!’

"व्हर्ना, ‘जिवंत’ म्हटलं की..."

"आधी ऐक. नेहमी तूच सांगतेस ना, आधी ऐक?"

ओपलने लावला. आधी चार मिनिटं धडामधुडूम संगीत आणि लाटा. मग खरखर, इतकी की शब्द पकडायचे म्हणजे कसरत. एक बाई विचारत होती, "जागा सांगा. पुन्हा सांगा." मग पुरुषाचा आवाज. "बेटाच्या दक्षिणेला. पंप बंद पडलाय. पाणी गुडघ्यापर्यंत. माझे बोये नारिंगी, दोन काळे पट्टे, त्यांच्या रांगेजवळच आहे. तिथे बघायला सांग." खरखर. "आणि ऐक..." मग टक्‌ असा आवाज, कुणी मधला शब्द कापावा तसा, आणि बोलणं तिथेच तोडलेलं. पुन्हा तेच संगीत.

"नारिंगी, दोन काळे पट्टे," व्हर्ना म्हणाली. "आणि शेवटी माझं नाव घेतोय. ते कापलंय, पण माझंच आहे. आई नाही का ओळखणार?"

लाज वाटते सांगायला, पण मीही मनात म्हटलं, अरे देवा, कर्टिस! माझे स्वतःचे रंग, माझ्या हातांनी रंगवलेले, आणि मला कर्टिस आठवला. इथे कुणालाही तोच आठवला असता. रंग म्हणजे माणूस, आणि तो रंग आता कर्टिसचा होता.

"मी उद्या उजाडताच निघतो," ब्रेंट म्हणाला. "बेटाच्या दक्षिणेला."

"उद्या वादळ सांगितलंय!" मी ओरडलो. "त्या खडकांत उन्हाळ्यातसुद्धा कुणी जात नाही. डोकं ठिकाणावर आहे का तुझं?"

"भाऊ आहे माझा, काका."

मी ओपलकडे बघितलं. म्हटलं, ही आता वही उघडेल आणि सगळ्यांना गप्प करेल. तिने वही उघडली नव्हती. हात टेबलावर पालथे ठेवून बसली होती आणि तोंड पिठासारखं पांढरं पडलं होतं.

"संध्याकाळपर्यंत थांबा," एवढंच म्हणाली. "माझं अजून पूर्ण झालं नाही."

दोन तासांनी ती माझ्या शेडमध्ये आली. मी कुणाचा तरी हिरवा बोया रंगवत होतो. ती बसली नाही.

"एल्ड्रिज, ते कर्टिसचं नाही. ती बाई आहे ना, ‘जागा सांगा’ म्हणणारी. ती मी आहे."

मला कळेना. "कधीची तू?"

"सव्वीस वर्षांपूर्वीची. केंद्र बंद झालं तेव्हा जुन्या ध्वनिफिती नव्या लोकांना शिकवायला म्हणून दिल्या होत्या, नावं कापून. तिथून कुणीतरी उचललंय." इतकी वर्षं रेडिओवर कुणाकुणाच्या मरणाच्या बातम्या दिलेली बाई, पण तिचा आवाज चिरकला. "तो लेस्टर आहे."

माझ्या हातातला कुंचला खाली पडला. हिरवा रंग बुटांवर सांडला, तो अजून गेलेला नाही.

"तू म्हणाली होतीस, एका लाटेत गेला."

"हो."

"बोलायला वेळ मिळाला नाही म्हणाली होतीस!"

"सहा मिनिटं बोलत होता."

पंप बंद पडलाय. ते शब्द मी दुपारी ऐकले होते, चहाचा घोट घेत. आता ते मला खरे ऐकू आले. पंप मी बसवला होता. तापात, थरथरत्या हातांनी, उद्या नीट बघू म्हणत. माझा भाऊ गुडघाभर पाण्यात सहा मिनिटं उभा होता तो माझ्या पंपामुळे, आणि मी त्याचा आवाजसुद्धा ओळखला नाही.

मी काय काय बोललो ते सगळं इथे सांगवत नाही. "अख्ख्या गावाला अक्कल शिकवतेस! नावात एक आणि आत एक म्हणून फळ्यावर कागद डकवतेस! आणि स्वतः? सव्वीस वर्षं माझ्या टेबलाशी, तुझ्या टेबलाशी, रोज चहा पीत..."

"केंद्राच्या वहीत सगळं लिहिलं होतं, एल्ड्रिज. शब्दन्‌ शब्द. ती वही कुणालाही वाचता आली असती. वाचायला कुणी आलं नाही." मग हळूच, "तूही नाही."

"निघ इथून."

"अजून आहे. त्याने पुढे जे म्हटलं ते व्हिडिओत तोडलंय. तेवढं ऐक."

"बास! एक शब्द नको!" मला ठाऊक होतं पुढे काय असणार. ‘आणि ऐक, एल्ड्रिजला’ काय? एल्ड्रिजला माफ करू नका. एल्ड्रिजला विचारा कसला पंप बसवलास. दुसरं काय म्हणणार बुडणारा माणूस?

"मी त्याला शब्द..."

"निघ म्हटलं ना!"

ती दारापर्यंत गेली आणि तिथेच उभी राहिली. "माझ्यावर चिडायला तुला आयुष्य पडलंय. पण ब्रेंट उद्या निघतोय. मी नुसतं ‘खोटं’ म्हटलं तर व्हर्ना या वेळी ऐकायची नाही. तो कुणाचा आवाज आहे हे सांगावं लागेल. आणि ते तुझ्या परवानगीशिवाय मी सांगणार नाही."

मी परवानगी दिली नाही. स्वतःच गेलो. टोपीसुद्धा न घालता. ओपल चार पावलं मागून आली, मी वळून बघितलं नाही.

व्हर्नाच्या स्वयंपाकघरात ब्रेंट दोर गुंडाळत होता. टेबलावर थर्मास, पाव, कोरडे मोजे, सगळं दोन माणसांपुरतं. एक ब्रेंटसाठी, एक कर्टिससाठी. तो दुसरा मोज्यांचा जोड बघितला आणि माझा धीर सुटला.

"व्हर्ना, तो लेस्टर आहे."

"कोण लेस्टर?"

"माझा भाऊ. ते रंग आधी कुणाचे होते, आठव. कर्टिसला ते कुणी दिले?"

"पण तो माझं नाव घेतोय," ती म्हणाली.

"माझं घेतोय. पंप मी बसवला होता. तो माझ्याबद्दल बोलतोय, व्हर्ना." ओपलने मागून वेळ, तारीख, साल सांगितलं, सपाट आवाजात, रेडिओवर सांगावं तसं. व्हर्नाने तिला अडवलं नाही. फक्त शेवटी नेहमीचं विचारलं. "पूर्ण बघितलंस?"

"पूर्ण."

"काहीच नाही?"

"काहीच नाही."

व्हर्नाने दुसरा मोज्यांचा जोड उचलला, एकात एक घालून गुंडाळला आणि खणात ठेवला. मग म्हणाली, "ब्रेंट, बूट काढ." आणि खणाला धरून ती जी रडली ती डिसेंबरापासूनची सगळी रडली. त्या संध्याकाळी तिच्या ओट्यावरचा दिवा लागला नाही.

मंगळवारी वादळाने धक्क्याच्या तीन फळ्या नेल्या. शनिवारी प्रार्थना झाली. चर्च भरलं होतं. मी शेवटच्या बाकावर, ओपल पहिल्या. हॉलमध्ये तिने माझ्यासाठी चहाचा कप आणला, डब्यातलं दूध घालून. मी तो खिडकीत ठेवला आणि घरी गेलो. कपाकडे बघत उभी राहिलेली ती मला दिसली होती.

त्यानंतर रस्त्यापलीकडे मी गेलो नाही. गाव म्हणालं, जाऊ दे की आता, म्हातारी माणसं तुम्ही. व्हर्ना दोनदा समजवायला आली. "अरे, तिने माझं एक पोर वाचवलं," ती म्हणाली. मी म्हटलं, तुझं वाचवलं, माझं काय केलं ते मला विचार. खरं सांगू? मला ओपलचा राग नव्हताच. भीती होती. समोर आली तर ती ते पुढचं सांगेल, याची. ‘आणि ऐक, एल्ड्रिजला...’ हे मी पूर्ण वसंतभर रोज वेगवेगळ्या शब्दांनी पूर्ण केलं. लेस्टरच्या तोंडून मी मला इतक्या शिव्या घातल्या, तेवढ्या त्याने जिवंतपणी कुणालाच दिल्या नसतील. फळ्यावर तिचे कागद लागत राहिले. मी येता-जाता वाचायचो आणि दुसरीकडे बघायचो.

मे महिन्याच्या मध्यावर ओपल गेली. हृदय. खुर्चीतच, समोर टॅब उभा. ब्रेंट तिला रोज सकाळी वर्तमानपत्र द्यायचा, त्यालाच सापडली.

तिला पुरल्यावर दोन दिवसांनी व्हर्ना एक पाकीट घेऊन आली. ओपलच्या खणात होतं, वर माझं नाव. "बसू का इथे?" व्हर्नाने विचारलं. मी नको म्हटलं. ती गेल्यावर मी ते शेडमध्ये नेलं आणि संध्याकाळपर्यंत तसंच मांडीवर घेऊन बसलो.

आत तीन-चार कागद होते, बस्स. रेडिओ केंद्राच्या त्या दिवसाच्या नोंदवहीच्या पानांची नक्कल, सरकारी शिक्क्याची. मार्चमध्ये मागवलेली होती. मला तिने आणखी एक शब्द लिहिला नव्हता. तिला काय वाटलं ते तिने लिहिलं नव्हतं.

१४:०२. ‘पंप बंद पडलाय. पाणी गुडघ्यापर्यंत.’

१४:०४. जागा पुन्हा दिली, बेटाच्या दक्षिणेला. बोये नारिंगी, दोन काळे पट्टे.

१४:०६. ‘आणि ऐक, एल्ड्रिजला पंपाचं सांगू नकोस. तो स्वतःला खात बसेल. त्याला सांग, एका लाटेत गेला. बोलायलाही वेळ मिळाला नाही म्हणावं.’

१४:०७. ‘सांगशील ना?’ मी म्हटलं, सांगते.

१४:०८. हाक दिली. उत्तर नाही.

१४:१०. हाक दिली. उत्तर नाही.

१४:१२. हाक दिली. उत्तर नाही.

पुढे पानं संपेपर्यंत तेच होतं, दर दोन मिनिटांनी, संध्याकाळी सहापर्यंत, एकाच अक्षरात. डोळ्यांना नीट दिसत नव्हतं तरी मी सगळं वाचलं, एकेक ओळ, शेवटपर्यंत.